कट्ट्यावरून दिसलेले आरोग्य

दवाखान्यात बसणाऱ्या डॉक्टरला आजार दिसतो, माणूस फारसा दिसत नाही. तपासणीच्या टेबलावर आडवा झालेला गृहस्थ घरी काय खातो, किती चालतो, कोणाशी बोलतो हे त्याच्या सांगण्यावरूनच समजून घ्यावे लागते, आणि सांगताना प्रत्येकजण थोडा सोयीचा हिशेब देतो. "रोज फिरायला जातो हो डॉक्टर," असे कोणी म्हणाले की मी शेजारी बसलेल्या पत्नीच्या चेहऱ्याकडे पाहतो. खरे उत्तर तिथे असते.

म्हणून गेल्या डिसेंबरात घरगुती कामासाठी बारा दिवस मुंबईत दादरला राहण्याचा योग आला, तेव्हा रोज सकाळ-संध्याकाळ शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर बसून माणसे पाहण्याचे ठरवले. नाडी न धरता, पट्टा न बांधता केलेली ही तपासणी होती. त्यातून जे हाती लागले ते आपल्यासारख्या लहान गावांतील वाचकांनाही उपयोगी पडेल, असे वाटल्यावरून हा लेख.

ज्यांनी हे मैदान पाहिलेले नाही त्यांच्यासाठी थोडी माहिती. १९२५ साली मुंबई महापालिकेने ते तयार केले. तेव्हा त्याचे नाव माहीम पार्क होते, १९२७ साली ते शिवाजी पार्क झाले आणि आता त्याचे अधिकृत नाव छत्रपती शिवाजी महाराज पार्क असे आहे. क्षेत्रफळ सुमारे अठ्ठावीस एकर. भोवती गुडघाभर उंचीची, बसता येईल अशी भिंत आहे, तिलाच सगळे 'कट्टा' म्हणतात. या कट्ट्याकडेने एक पूर्ण फेरी मारली की किलोमीटरहून थोडे जास्त चालणे होते. आत क्रिकेटची नेट, व्यायामशाळा, गणपतीचे देऊळ, आजी-आजोबांसाठी बाग. सभा, सोहळे आणि मोर्चेही याच मैदानाने पाहिले. पण रोजचे मैदान वेगळे. ते पहाटे पाचला जागे होते.

चालणारी मंडळी

पहाटे कट्ट्याच्या कडेने चालणाऱ्यांचे मला तीन वर्ग दिसले. पहिला वर्ग घड्याळाकडे पाहत झपाझप चालणाऱ्यांचा. दुसरा गप्पा मारत रमतगमत जाणाऱ्यांचा. तिसरा वर्ग असा, की एक फेरी मारायची आणि पाऊण तास कट्ट्यावर बसायचे. घरी जाऊन हे तिघेही "फिरून आलो" असेच सांगतात.

चालण्याने हृदयाचे भले होते, हे आज सर्वांना पाठ आहे. पण ते सिद्ध कसे झाले, याची गोष्ट मोठी मजेची आहे. लंडनच्या दुमजली बसचे ड्रायव्हर आणि कंडक्टर यांची तुलना जेरी मॉरिस या डॉक्टरांनी केली आणि १९५३ साली ती प्रसिद्ध केली. नोकरी एकाच बसमधली, पण ड्रायव्हर दिवसभर बसलेला आणि कंडक्टर दिवसभर जिना चढत-उतरत तिकिटे फाडणारा. हृदयविकार कंडक्टर मंडळींत कमी आढळला. आपल्या एस.टी.ला जिना नाही, पण मुद्दा तोच आहे. शरीराला बसून राहणे मानवत नाही.

किती चालावे? जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२० सालच्या मार्गदर्शनानुसार प्रौढ माणसाने आठवड्यात १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रमाचा व्यायाम करावा. म्हणजे आठवड्यातून पाच दिवस अर्धा तास पुरे. 'मध्यम' म्हणजे काय, याची खूण सोपी आहे. चालताना शेजाऱ्याशी बोलता आले पाहिजे, पण गाणे म्हणता येता कामा नये. गाणे म्हणता येत असेल तर वेग कमी आहे आणि दोन शब्द बोलतानाही धाप लागत असेल तर जास्त.

हल्ली मनगटावरच्या घड्याळात दहा हजार पावले भरली नाहीत म्हणून पुष्कळ मंडळी हवालदिल होतात. कट्ट्यावर एक निवृत्त गृहस्थ रोज रात्री उरलेली पावले भरायला पुन्हा मैदानात येत असत. त्यांना मी सांगितले ते इथेही सांगतो. दहा हजार हा आकडा कोणा वैद्याने काढलेला नाही. १९६५ साली जपानमध्ये पावले मोजण्याचे एक यंत्र विक्रीस आले, त्याच्या नावाचाच अर्थ 'दहा हजार पावलांचे यंत्र' असा होता. तिथून तो आकडा जगभर पसरला. २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या, अनेक देशांतील पाहण्या एकत्र करून केलेल्या अभ्यासात असे दिसले, की साठीच्या पुढे सहा ते आठ हजार पावलांपर्यंत फायदा वाढत जातो, त्यापुढे तो फारसा वाढत नाही. तेव्हा गुडघे कुरकुरत असताना आकड्यासाठी अंगाला छळू नये.

मधुमेही वाचकांसाठी दोन सूचना. मैदानात काही मंडळी दवावर अनवाणी चालताना दिसली. त्याने डोळ्यांचा नंबर उतरतो अशी समजूत आहे, तिला आधार नाही. मधुमेहात पायाची संवेदना कमी झालेली असू शकते. खडा, काच, काटा रुतलेला कळत नाही आणि लहान जखम पुढे पाय गमावण्यापर्यंत जाते. म्हणून बूट आणि सुती मोजे घातल्याशिवाय चालू नये. दुसरे असे, की इन्शुलिन किंवा साखर उतरवणारी गोळी घेऊन उपाशीपोटी लांब चालायला जाऊ नये. थरथर, घाम, डोळ्यांपुढे अंधारी, विनाकारण चिडचिड ही साखर उतरल्याची लक्षणे आहेत. अशा वेळी तीन चहाचे चमचे साखर पाण्यातून लगेच घ्यावी आणि पंधरा मिनिटांनी बरे वाटले नाही तर पुन्हा घ्यावी. खिशात साखरेची पुडी ठेवायला खर्च येत नाही.

'गॅस झाला असेल'

सहाव्या दिवशी सकाळी सातच्या सुमारास साठीतले एक गृहस्थ दुसरी फेरी अर्धवट सोडून कट्ट्यावर बसले. डिसेंबरचा गारवा असून कपाळावर घाम. हाताची मूठ छातीच्या मध्यावर धरलेली. भोवती रोजचे मित्र जमले.

"काका, अ‍ॅसिडिटी आहे ही. काल लग्नात जेवलात ना?"

"सोडा आणतो. एक ढेकर आला की मोकळे वाटेल."

काकाही म्हणाले, "हो, गॅसच आहे. पाच मिनिटांत उठतो."

मी डॉक्टर असल्याचे सांगून जवळ गेलो. विचारले, "काका, हे आजच झाले की आधीही व्हायचे?" ते जरा थांबून म्हणाले, "आठवडाभर होतंय. चाललं की भरून येतं, थांबलं की जातं. आज जात नाहीये." एवढे पुरेसे होते. चालले की दाटून येणारी आणि थांबले की निवणारी छातीतली भावना ही हृदयाची हाक असते. पोटातला वायू माणूस चालतोय की बसलाय हे पाहून येत-जात नाही. ती भावना बसल्यावरही राहिली तर घाई करायची वेळ आली, असे समजावे.

काका स्वतःची स्कूटर घेऊन घरी निघणार होते. तिची किल्ली मित्राकडे ठेवायला लावली, सोडा बाजूला ठेवला आणि अ‍ॅम्ब्युलन्स बोलावली. थोड्याच वेळात ते जवळच्या रुग्णालयात पोचले. पुढे मित्रांकडून कळले, की कार्डिओग्राममध्ये झटका दिसला, त्याच दिवशी बंद झालेली रक्तवाहिनी उघडून त्यात जाळी बसवली आणि काका सुखरूप घरी आले. नंतर ते मित्र मला म्हणाले, "डॉक्टर, सोडा पाजून घरी पाठवलं असतं तर?" या प्रश्नाचे उत्तर त्यांनाही ठाऊक होते.

हृदयाची रक्तवाहिनी बंद पडली की तिच्या पलीकडचा स्नायू मिनिटामिनिटाने मरत जातो. मुंबईत रुग्णालय हाकेच्या अंतरावर असते. आपल्याकडे ते तीस-चाळीस किलोमीटरवर असू शकते. म्हणूनच आपल्याला सोड्यात वीस मिनिटे घालवणे अधिक महाग पडते. तेव्हा एवढे ध्यानात ठेवावे:

– छातीत दाब, जळजळ किंवा आवळल्यासारखे वाटणे, ते डाव्या हातात, जबड्यात किंवा पाठीत जाणे, सोबत घाम किंवा धाप, अशा वेळी माणसाला चालवू नये, बसवावे. १०८ क्रमांकाला फोन करावा. ही सेवा महाराष्ट्रात २०१४ पासून आहे.
– स्त्रियांत आणि मधुमेही व्यक्तींत दुखणे नसतेही. नुसती धाप, गळून गेल्यासारखे वाटणे, मळमळ एवढेच असते. "दुखत नाही ना, मग काही नाही," असे म्हणू नये.
– अ‍ॅस्पिरिनची अ‍ॅलर्जी किंवा पोटातून रक्तस्राव झालेला नसेल, तर फोनवर डॉक्टरांच्या सल्ल्याने ३०० मिलिग्रॅमची साधी गोळी चावून खाण्यास देता येते.
– माणूस बेशुद्ध झाला आणि नीट श्वास घेत नसेल, तर तोंडावर पाणी मारत बसू नये. छातीच्या मध्यभागी दोन्ही तळहात एकावर एक ठेवून जोराने, मिनिटाला १०० ते १२० या गतीने, सुमारे पाच सेंटिमीटर दाबत राहावे. मदत येईपर्यंत थांबू नये.

हिरवा पेला

शहरातल्या मैदानांच्या फाटकाशी सकाळी हिरव्या रसांच्या बाटल्या घेऊन विक्रेते बसतात. कारले, दुधी, आवळा, गव्हांकुर. फिरून आलेली मंडळी रांगेत उभी राहून डोळे मिटून पेला रिकामा करतात. कारल्याचा रस कडूच असतो. पण दुधीचा रस कडू लागला तर तो ताबडतोब थुंकावा. कडू दुधीत विषारी द्रव्ये असतात. त्याने रक्ताच्या उलट्या होतात, रक्तदाब कोसळतो, मृत्यूही ओढवतो. असे मृत्यू झाल्यावर भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने तज्ज्ञांची समिती नेमली आणि कडू दुधीचा रस मुळीच पिऊ नये असे बजावले. 'कडू ते औषध' ही आपली म्हण इथे घातक ठरते. मिश्र रसात तर दुधी कडू होता की कारले, हेच कळत नाही. दुधीची भाजी करून खावी, ती गोड लागते आणि पचते.

नेटमधली मुले

शिवाजी पार्क म्हटले की क्रिकेट. इथेच रमाकांत आचरेकर सरांनी मुले घडवली, त्यांतलाच एक सचिन तेंडुलकर. आचरेकर सर २०१९ साली गेले. डिसेंबर २०२४ मध्ये त्यांचे स्मारक या मैदानाच्या फाटकाशी उभे राहिले. एकाच मैदानात दहा-दहा सामने चाललेले असतात, एका सामन्याचा यष्टिरक्षक दुसऱ्याच्या कव्हरला उभा असतो आणि तरीही कोणाचा कोणाला घोळ होत नाही.

पण डॉक्टरच्या नजरेला आणखी काही दिसले. बारा-तेरा वर्षांचा एक मुलगा सकाळी नेटमध्ये तासभर वेगवान चेंडू टाकत होता. संध्याकाळी तोच पुन्हा तिथे. वडील कट्ट्यावर बसून मोबाइलवर त्याचे चित्रण करत होते. मुलगा मधूनच कमरेला हात लावून मागे वाकत होता. चौकशी केल्यावर वडील म्हणाले, "थोडं दुखतं, पण सवय होईल."

ही सवय होणारी गोष्ट नव्हे. वाढत्या वयातल्या वेगवान गोलंदाजांच्या कमरेच्या मणक्याला वारंवार पडणाऱ्या ताणाने बारीक तडा जाऊ शकतो. कमरेच्या एका बाजूला दुखणे, मागे वाकताना ते वाढणे ही त्याची खूण. सुरुवातीला साध्या एक्स-रेत तो दिसतही नाही. वेळीच विश्रांती दिली तर तो भरून येतो, न दिली तर मुलाचे खेळणेच संपते. दोन आठवड्यांहून अधिक दुखले तर हाडांच्या डॉक्टरांना दाखवावे. वाढीच्या वयात आठवड्यातून किमान दोन दिवस गोलंदाजीला सुट्टी असावी आणि वर्षातून काही महिने दुसरा खेळ खेळावा. वडिलांना एवढेच म्हटले, "चित्रण करताच आहात, तर तो कमरेला किती वेळा हात लावतो ते घरी जाऊन मोजा." दुसऱ्या दिवशी मुलगा नेटबाहेर बसलेला दिसला, तेव्हा बरे वाटले.

अर्थात अति खेळणारी मुले थोडी. न खेळणारीच फार. अकरा ते सतरा वयाच्या मुलांपैकी जगभरात ८१ टक्के मुले पुरेशी हालचाल करत नाहीत, असे २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत दिसले. मुलांना रोज सरासरी एक तास धावपळ हवी. यात डोळ्यांचाही फायदा आहे. चीनमधल्या ग्वांगझो शहरात पहिलीच्या मुलांना शाळेत रोज चाळीस मिनिटे उघड्यावर जादा वेळ दिला. तीन वर्षांनी त्यांच्यात चष्मा लागण्याचे प्रमाण सुमारे ३० टक्के होते, तर नेहमीच्या शाळांत ते सुमारे ४० टक्के. चष्म्याच्या दुकानात जाण्याआधी मुलाला मैदानात न्यावे, एवढाच याचा अर्थ.

खांब आणि म्हातारपण

मैदानाच्या एका कडेला समर्थ व्यायाम मंदिर आहे. मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा फेब्रुवारी २०१९ मध्ये इथेच झाली. संध्याकाळी आठ-नऊ वर्षांच्या मुली दोरीवर सरसर चढून आसने करतात, ती पाहत मी बराच वेळ उभा राही. हाडांची कमाई वयाच्या पंचविशीच्या आतच होते, पुढे ती खर्चच होत जाते. ज्या मुली लहानपणी उड्या मारतात, चढतात, लोंबकळतात त्यांची ही ठेव मोठी असते. साठीनंतर बाथरूममध्ये घसरून खुबा मोडण्याची गोष्ट अशी आठव्या वर्षापासून सुरू होते.

आणि मोठ्यांनी काय करावे? कट्ट्यावरची बहुतेक मंडळी फक्त चालतात. चालण्याने हृदयाला लाभ होतो, पण मांड्यांचे स्नायू आणि तोल राखण्यासाठी तेवढे पुरत नाही. हातांचा आधार न घेता खुर्चीवरून दहा वेळा उठणे-बसणे, भिंतीजवळ उभे राहून एका पायावर दहा आकडे मोजणे, हे आठवड्यातून तीन दिवस करावे. यासाठी जिम लागत नाही.

संध्याकाळचा कट्टा

दुपारी मैदान ओस असते. झाडांच्या सावलीत घरोघर सामान पोचवणारी तरुण मुले गाडी लावून पाठ टेकतात. संध्याकाळी मात्र कट्टा भरतो. सत्तर-ऐंशीची माणसे ठरलेल्या जागी, ठरलेल्या वेळी. कोणी दोन दिवस आला नाही तर तिसऱ्या दिवशी घरी फोन जातो. एका आजींना विचारले, "आजी, रोज येता?" त्या म्हणाल्या, "मुलगा कामावर, नातू मोबाइलमध्ये. इथे आलं की मला कोणीतरी नावाने हाक मारतं." एकटेपणाची गोळी माझ्या कपाटात नाही. ती या भिंतीवर फुकट मिळते.

आणखी एक नोंद. शिवाजी पार्कवर स्त्रिया मोकळेपणाने चालतात, अगदी रात्री साडेनऊलाही. कारण तिथे दिवे आहेत आणि वर्दळ आहे. आपल्याकडे दवाखान्यात मी बायकांना फिरायला सांगतो, तेव्हा त्या मान डोलावतात आणि जात नाहीत. आळस हे त्याचे कारण नसते. मैदानात दिवा नसतो, कोपऱ्यावर टवाळखोर असतात आणि स्वच्छतागृह नसल्याने बाहेर पडण्याआधी त्या पाणी पिणेच टाळतात. मग लघवीची जळजळ घेऊन पुन्हा दवाखान्यात. इथे औषधाची चिठ्ठी मी रुग्णाच्या नावाने लिहितो, पण ती खरी नगरपरिषदेच्या नावाने लिहायला हवी.

आपल्या गावाचे मैदान

शिवाजी पार्क आदर्श आहे असे नाही. तिथल्या लाल मातीच्या धुळीबद्दल रहिवासी वर्षानुवर्षे तक्रार करत आले आहेत आणि दम्याच्या माणसाने हिवाळ्यात वाऱ्याच्या वेळी तिथे न जाणेच बरे. पण शंभर वर्षे ते मैदान मैदानच राहिले. कोट्यवधींच्या जमिनीवर मुले अजून विटा रचून स्टंप करतात, ही लहान गोष्ट नाही.

आपल्याकडे जमीन स्वस्त, हवा चांगली आणि तरी मैदाने आटत आहेत. शाळेचे पटांगण लग्नासाठी भाड्याने जाते, सकाळी तिथे खिळे, काचा आणि उष्टी पत्रावळ. आठवडी बाजाराच्या जागेवर गाळे, क्रीडांगणाच्या आरक्षणावर वाहनतळ. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीत भारतातील मधुमेही व्यक्तींची संख्या दहा कोटींहून अधिक असल्याचे दिसले. एवढ्यांना पुरेल इतकी औषधे कदाचित मिळतील, पण पुढच्या पिढीला तो होऊ नये यासाठी लागणारी जागा एकदा गेली की परत मिळत नाही.

तेव्हा वाचकहो, या रविवारी आपल्या गावच्या मैदानावर एक फेरी मारून या. किती मुले खेळतात, मुली किती, दिवे किती लागतात, नळाला पाणी आहे का, स्वच्छतागृहाला कडी आहे का, हे कागदावर लिहा. तो कागद दहा जणांच्या सहीने आपल्या नगरसेवकाकडे किंवा ग्रामसभेत द्या. दोन दिवे आणि एक कडी, एवढ्यापासून सुरुवात झाली तरी चालेल. आणि कागद देऊन परतताना रिक्षा करू नका, चालत या.

(पुढील आठवड्यात: थंडी, धूळ आणि दमा)